उजेडाचा डिंक आणि एक किलो हळद

माझ्या राज्यात विजेचे दिवे नव्हते. तेलाचेही नव्हते. डोंगरावरच्या एका फार जुन्या झाडाच्या खोडातून डिंक पाझरायचा आणि तो वाटीत धरला की घरात उजेड पडायचा. अट एकच होती. जवळ कुणी बोलायचं नाही. बोललं की डिंक विझायचा, माणसं गप्प झाली की हळूहळू पुन्हा उजळायचा. त्यामुळे अंधार पडला की त्या राज्यातले लोक चूप बसून, एकमेकांची तोंडं बघत जेवत असत.

हे राज्य मी सातवीत असताना गणिताच्या वहीच्या मागच्या पानांवर वसवलं. आमची शाळा इंग्रजी माध्यमाची. पालकसभेत आईला दर वर्षी एकच वाक्य ऐकायला मिळे: मुलगी हुशार आहे, पण बोलत नाही. आई अमरावतीची. ती घरी येऊन बाबांना सांगायची, "पोरगी हुशार हाये म्हणते मॅडम." पुढचा भाग ती गाळायची. माझ्या राज्यात मात्र सगळ्यात कमी बोलणाऱ्याच्या घरी सगळ्यात जास्त उजेड असायचा. याचा अर्थ काय, हे मला कुणी विचारू नये.

मोठी झाल्यावर मी हडपसरला एका कंपनीत लागले. मला ती नोकरी आवडते, कारण मीटिंगमध्ये कॅमेरा बंद ठेवला तरी चालतो. वारज्याहून जाऊन-येऊन रोज तीन तास बसमध्ये जातात. त्या तीन तासांत मी मोबाईलवर ते राज्य पुन्हा लिहून काढलं, या वेळी मराठीत आणि नाटकासारखं. पेठेतल्या एका बालनाट्य संस्थेला नव्या संहिता हव्या होत्या. ईमेल पाठवायचा होता, म्हणजे कुणाशी बोलावं लागणार नव्हतं. मी पाठवला.

आठ दिवसांनी फोन आला. "रविवारी सकाळी दहाला शाळेच्या हॉलवर या. दहाला म्हणजे दहाला."

तिथे बाई बसल्या होत्या. त्यांना सगळे नुसतं बाईच म्हणतात. गेली तीस वर्षं त्या उन्हाळ्याच्या सुट्टीत मुलांची नाटकं बसवतात. माझी संहिता त्यांनी कागदावर छापून घेतली होती आणि ती जवळजवळ सगळी लाल झाली होती.

"तू लिहिलंस?"

"हो."

"मराठी शाळा?"

"नाही."

"ते दिसतंच आहे." त्यांनी एक पान उलटलं. "ही तुझी म्हातारी म्हणते, 'मी अत्यंत क्षुधित आहे.' कुठे भेटली तुला ही म्हातारी?"

शब्दकोशात, असं मी मनात म्हटलं.

"आणि हा डिंक. मला डिंक म्हटलं की लाडू दिसतात. पण असू दे. मुलांना चिकट गोष्टी आवडतात." मग त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. "हा उजळतो असं लिहिलंयस. कशानं?"

"जादूनं."

"जादूला प्लग कुठे लावायचा?"

बाईंनी मग स्वतःच तोडगा काढला. दिव्यांची माळ घ्यायची, वाटीत गुंडाळून ठेवायची आणि वरून पिवळा जिलेटिनचा कागद लावायचा. आतापर्यंत मी पाय चपलेत घालून उठायच्या तयारीत होते. पण ती माळ माझ्या डोळ्यांपुढे आली. तीच माळ घरोघरी गणपतीपुढे असते. पहिल्या रांगेतलं सर्वांत लहान पोरसुद्धा तिला ओळखणार.

"माळ नको," मी म्हणाले.

"मग?"

"मी करते. डिंक."

बाईंनी पेनचं टोपण लावलं. "गुरुवारी दाखव. येत्या रविवारी प्रयोग आहे, मुलांच्या तालमी सुरू झाल्यात. उजळला तर प्रसंग राहील. नाही तर राज्यात कंदील आणू आणि तो सगळा गप्प बसायचा भाग काढून टाकू. तसंही मला तीस वर्षांत मुलांना गप्प बसवणं जमलेलं नाही, तुझ्या झाडाला काय जमणार!"

गप्प बसायचा भाग काढून टाकला तर मागे काहीच उरत नव्हतं. एक राजा, एक म्हातारी आणि एक कंदील. असली नाटकं जगात भरपूर आहेत. माझं एकच होतं.

*

दुसऱ्या दिवशी ऑफिसला सुट्टी टाकून मी तपकीर गल्लीत गेले. तिथे विजेचं काहीही मिळतं. मला जांभळ्या उजेडाची ती नळी हवी होती, जिच्याखाली काही काही पदार्थ आपोआप चमकतात. व्हिडिओत बघितलं होतं.

"कशाला हवीये?" दुकानदाराने विचारलं. "नोटा तपासायला की विंचू शोधायला?"

"डिंकासाठी."

त्याने दोन सेकंद माझ्याकडे पाहिलं. "डिंक शेजारच्या गल्लीत," तो म्हणाला आणि पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळला. नळी मिळवायला मला आणखी दोन दुकानं फिरावी लागली. तिथे मी विंचू म्हणाले.

आई-बाबा पंधरा दिवसांसाठी अमरावतीला गेले होते, म्हणून घर माझ्या एकटीच्या ताब्यात होतं. आमच्या बाथरूमला खिडकी नाही. दाराच्या फटीत टॉवेल कोंबला की भर दुपारीही आत मिट्ट काळोख होतो. करोनाच्या काळात बाबांनी सॅनिटायझरचा पाच लिटरचा कॅन आणला होता, जेलवाला. तो कधीच संपणार नाही हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं, पण फेकायचा विषय कुणी काढत नव्हतं. मी त्यात आधी पालक वाटून घातला. नळी लावल्यावर तो लालभडक चमकला. दिसायला सुंदर होता, पण माझा डिंक लाल नव्हता. शिवाय बाथरूमला पातळभाजीचा वास यायला लागला.

मग मी आईच्या मिसळणाच्या डब्यातली चमचाभर हळद घातली.

नळी लावली आणि वाटीत माझं राज्य होतं. पोपटी आणि पिवळ्याच्या मधला रंग, काठाशी जरा दाट, आणि वाटी कलती केली की आळसावल्यासारखा सरकणारा. मी पाटावर बसून बराच वेळ बघत राहिले. काही बोलले नाही. तशीही बोलले नसते.

इथवर सगळं ठीक होतं. पण मी उत्साहाने आठ-दहा वाट्या केल्या आणि घरातली हळद संपली. आईच्या मते चांगली हळद मंडईपाशी मिळते, म्हणून मी मंडईपाशी गेले. दुकानात गर्दी होती.

"किती?"

मला किती हवी होती ते नीट माहीत नव्हतं. चार चमचे, असं सांगायला लाज वाटली.

"पाव, अर्धा, किलो?" त्याने घाई केली.

"किलो," मी म्हणाले. कारण तो शब्द शेवटी आला होता.

"लग्नघर का?"

माझी मान हलली. अशा वेळी ती आपोआप हलते, त्यात माझं मत नसतं. दुकानदार एकदम हसला. त्याने पाच हळकुंडं आणि एक सुपारी वेगळ्या पुडीत बांधली आणि पिशवीत टाकली. "ही आमच्याकडून," तो म्हणाला, "सुखाचा संसार करा."

मी वळले, तर मागे काकू उभ्या होत्या.

काकू म्हणजे आमच्या समोरच्या फ्लॅटमधल्या. मजल्यावरच्या चार घरांच्या किल्ल्या त्यांच्याकडे असतात. त्या कधी कुणाला काही विचारत नाहीत. त्या बघतात, आणि मग त्यांना माहीत असतं. त्यांनी माझी पिशवी बघितली, पुडी बघितली, आणि "पालेभाजी फार महाग झालीये नाही?" असं म्हणून निघून गेल्या.

*

दुसऱ्या दिवशी दुपारी बेल वाजली. मी दार उघडलं तेव्हा माझे दोन्ही हात मनगटांपर्यंत पिवळे होते. हळद सॅनिटायझरमध्ये कालवली की ती निघत नाही, हे मला आदल्या दिवशी कळलं होतं.

काकूंच्या हातात झाकलेली वाटी होती. त्यांनी माझ्या हातांकडे बघितलं. "लागली वाटतं हळद," त्या हळूच म्हणाल्या.

"काकू, ती नाटकासाठी आहे."

"हो, हो. कुणी विचारलं तर असंच सांग."

"नाही, खरंच. मी डिंक करतेय."

काकूंचा चेहरा बदलला. त्यांनी आधी माझ्या चेहऱ्याकडे बघितलं, मग खाली ओढणीकडे, मग जिन्यात कुणी नाही ना ते पाहिलं.

"डिंक? इतक्यात?"

बाळंतिणीला डिंकाचे लाडू देतात हे मला माहीत नव्हतं असं नाही. पण ते वेळेवर आठवलं नाही. वेळेवर काही आठवत असतं तर मी एक किलो हळद आणली नसती.

"गुरुवारपर्यंत व्हायलाच हवा," मी म्हणाले. "नाही तर सगळं काढून टाकतील."

काकूंनी दाराची चौकट धरली. "कोण काढून टाकतील? नाही म्हणून सांग! आईला माहितेय?"

"नाही अजून." हे खरं होतं. नाटकाचं मी आईला सांगितलं नव्हतं. उजळेल की नाही याची खात्री नसताना काय सांगायचं! "झालं सगळं की सांगेन."

काकू पुढे आल्या आणि त्यांनी मला मिठी मारली. माझे पिवळे हात त्यांच्या साडीला लागू नयेत म्हणून मी ते दोन्ही बाजूंना लांब धरले होते. "मी आहे, बाळा," त्या म्हणाल्या. "उद्या जेवायला यायचं. नाही म्हणायचं नाही."

नाही म्हणणं मला येत असतं तर मी इथवर आलेच नसते.

बुधवारी मी गेले. वरण-भात असेल असं वाटलं होतं. ताटाभोवती रांगोळी होती. मसालेभात, पुऱ्या, बटाट्याची भाजी, कोशिंबीर आणि घरी केलेली जिलेबी. पाटावर बसवून काकूंनी मला ओवाळलं आणि ओटीत नारळ आणि खण घातला, तेव्हा मला कळलं की हे माझं केळवण आहे. ते कळायला उशीर झाला होता, कारण पहिली पुरी मी ओवाळण्याआधीच खाल्ली होती.

काका शेजारी बसून मुकाट्याने जेवत होते. त्यांनी एकदाच मान वर केली. "मुलगा काय करतो?"

"अहो, लाजवू नका तिला," काकू म्हणाल्या. मग माझ्याकडे वळून, "पण नाव मात्र घ्यायला लागेल हं. एक उखाणा होऊन जाऊ दे. छोटासा."

चार माणसांत स्वतःचं नाव सांगतानाही मला घाम फुटतो. नसलेल्या माणसाचं नाव यमकात कसं घेणार? मी घोटभर पाणी प्यायले आणि शक्य तितक्या स्पष्ट आवाजात म्हणाले, "काकू, मुलगाच नाहीये."

काकूंनी हातातलं भांडं खाली ठेवलं.

"गेला?" काकूंनी विचारलं. त्यांचे डोळे भरून आले होते. "अशा अवस्थेत सोडून गेला?"

"गेला नाही. नव्हताच."

"असंच समजायचं," काका पहिल्यांदाच ठामपणे म्हणाले. "नव्हताच असं समजायचं. शाब्बास." त्यांनी स्वतःच्या ताटातली जिलेबी उचलून माझ्या ताटात ठेवली.

मी तीन वेळा समजावायचा प्रयत्न केला. पण माझ्या प्रत्येक वाक्याच्या आधी एक मोठा श्वास असतो, आणि त्या श्वासात काकूंचं एक पूर्ण वाक्य बसतं. शेवटी त्यांनी उरलेल्या जिलेबीचा डबा भरून दिला. "सगळी संपव. आता तुला दोघांचं बघायचंय." मी पर्समधून बाईंनी दिलेले रविवारच्या प्रयोगाचे दोन पास काढले आणि त्यांच्या हातात दिले. "इथे या," मी म्हणाले, "म्हणजे कळेल."

"तिथे भेटणार का तो?" काकूंनी विचारलं. त्यांनी पास ब्लाउजमध्ये असे खोचले, की मला त्या मुलाची जरा काळजीच वाटली.

*

गुरुवारी हॉलच्या मागच्या खोलीत पडदे ओढून मी बाईंना डिंक दाखवला. त्या खुर्चीत पुढे झुकल्या आणि मिनिटभर काही बोलल्या नाहीत. डिंक अख्खं मिनिट उजळत राहिला.

"बरंय," त्या म्हणाल्या.

बाईंकडून "बरंय" मिळालेली माणसं थोडी आहेत. मी तो शब्द बसमध्ये वारज्यापर्यंत पुन्हा पुन्हा ऐकला.

पण त्याच्यामागे अट होतीच. "नुसता वाटीत नको. झाडातून पाझरताना दिसला पाहिजे. रविवारचा प्रयोग नीट झाला तर मे महिनाभर ठेवू. नाही तर कंदील मी विंगेत तयार ठेवलाय." गोणपाटाचं एक पोकळ झाड अडगळीत पडलं होतं, ते त्यांनी ओढून आणायला लावलं. "आत कोण बसणार?"

"मी," मी म्हणाले. इतक्या पटकन मी आयुष्यात कशासाठीच हात वर केला नव्हता. झाडाच्या आत कुणी बघत नाही, कुणी विचारत नाही आणि बोलावं लागत नाही. अख्ख्या रंगभूमीवर माझ्यासाठी याहून चांगली जागा नव्हती. आत स्टूल ठेवून मी बसून बघितलं. माझ्या डोक्याच्या उंचीवर एक ढोली होती, तिच्यातून बाटली कलती करायची की डिंक खोडावरून ओघळत खाली येणार. गोणपाटावर तो सुंदर चमकला.

रविवारी साडेतीनला मी दोन बाटल्या घेऊन पोचले, आणि झाड बघून दारातच थांबले.

बाईंनी त्याला रंग दिला होता. वर गेरूचा तांबडा पट्टा, खाली चुन्याचा पांढरा पट्टा. रस्त्याच्या कडेच्या झाडांना असतात ना, अगदी तसे.

"बाई, हे काय?"

"काय म्हणजे? झाड वाटायला नको? गोणपाटाचं पोतं वाटत होतं ते. सकाळीच मारलाय, जरा ओला आहे, टेकू नकोस."

माझ्या राज्यातलं हजार वर्षांचं झाड, ज्याला आजवर मनुष्याचा हात लागला नव्हता, ते आता वारज्याच्या पुलाखाली शोभलं असतं. पण तिसरी घंटा झाली होती. मी मुकाट्याने आत जाऊन बसले.

ढोलीतून मला अर्धं स्टेज आणि पहिल्या दोन रांगा दिसत होत्या. काका-काकू दुसऱ्या रांगेत होते. काकू स्टेजवरच्या आणि विंगेतल्या प्रत्येक मोठ्या पुरुषाकडे संशयाने बघत होत्या. पेटीवाल्या आजोबांकडेसुद्धा.

डिंकाचा प्रसंग आला. दिवे गेले, जांभळी नळी लागली. डिंक गोळा करणारी मुलगी वाटी घेऊन झाडापाशी आली. नऊ वर्षांची, दोन वेण्या, नवी कोरी ओढणी, तिचं टोक सतत तोंडात. मी बाटली कलती केली. डिंक गेरूच्या पट्ट्यावरून उजळत निघाला आणि समोरून "आऽऽ" असा आवाज आला. आवाज झाल्याबरोबर विंगेत बाईंनी नळी बंद केली. गप्प झाल्यावर पुन्हा लावली. दोनदा असं झाल्यावर मुलांना नियम कळला. "गप बसा ना, विझतोय!" कुणाचे तरी बाबा मोबाईलवर बोलत होते, त्यांना चाळीस-पन्नास मुलांनी मिळून गप्प केलं. सगळा हॉल श्वास धरून बसला. बाईंना तीस वर्षांत जे जमलं नव्हतं ते माझ्या झाडाने केलं होतं. मी आत बसून इतकी खूश झाले की डिंक खाली कुठवर गेला ते बघितलंच नाही.

तो चुन्यावर पोचला होता. आणि तिथे तो लाल होत होता. हळदीचं पोपटी बोट पांढऱ्या पट्ट्याला लागलं की जागच्या जागी काळपट लाल व्हायचं आणि विझायचं. एकामागून एक सगळे ओघळ. झाडाला रक्त आल्यासारखं दिसत होतं.

हळदीवर अल्कली पडली की काय होतं हा प्रश्न मला दहावीला आला होता. पूर्ण मार्क मिळाले होते. पण तो इंग्रजीत होता. त्यातली ती टर्मरिक म्हणजे आमच्या मिसळणाच्या डब्यातली हळद आणि ते बेस म्हणजे बाईंची चुन्याची बादली, हे मला त्या क्षणापर्यंत सुचलं नव्हतं.

मुलीने वाटीत बघितलं. वाटीत लाल पाणी. तिने ओढणी तोंडातून काढली. संहितेत तिचं वाक्य होतं, "वा, आज भरपूर उजेड मिळाला." ते म्हणण्यासारखी परिस्थिती नव्हती. पहिल्या रांगेतलं एक लहान मूल रडायला लागलं. विंगेतून बाईंची कुजबुज मला स्पष्ट ऐकू आली, "कंदील! मी कंदील घेऊन येतेय!" आणि कंदिलाच्या कडीचा आवाज.

मुलगी ढोलीजवळ आली. आत मी बसलेय हे तिला माहीत होतं. ती अगदी खऱ्या काळजीने म्हणाली, "झाडा, तुला काय झालं?"

ती बोलली म्हणून नळी विझली. बाईंच्या एका हातात कंदील होता, पण दुसरा हात सवयीने बटणावरच होता. पूर्ण अंधार झाला. नियम माझाच होता. बोललं की विझतो. आता बोलायला हरकत नव्हती, विझायचं ते विझलंच होतं.

"मला," मी म्हणाले. आवाज घोगरा आला, पण पोकळ झाडात तो मोठा झाला. "मला हे पट्टे कुणी मारले?"

मग सगळा हॉल हसला. रडणारं मूलसुद्धा थांबलं.

मुलगी हुशार होती. "बाईंनी," ती म्हणाली.

हशा दुप्पट झाला. विंगेत कंदिलाची कडी वाजायची थांबली.

"विचारलं होतं का मला?"

"नाही."

"आग होतेय माझ्या अंगाची. पूस ते."

"कशानं?"

"ओढणीनं."

"नाही हं," मुलगी म्हणाली, "नवीन आहे. आई रागवेल."

हे मी लिहिलेलं नव्हतं. हे मला लिहिता आलंही नसतं. "बरं, मग वाटी वर धर," मी म्हणाले. "वर, गेरूपाशी. पांढऱ्याला लागू देऊ नकोस. आणि आता सगळे गप्प बसा. तू पण. मी पण."

सगळे गप्प झाले. मी दुसरी बाटली कलती केली. डिंक थेंब-थेंब पडला. नळी लागली. वाटीत उजेड जमा व्हायला लागला आणि त्या उजेडात मुलीचा चेहरा दिसला. ती चालत विंगेपर्यंत गेली तरी हॉलमध्ये कुणी टाळी वाजवली नाही. टाळी वाजवली तर विझेल, म्हणून.

*

प्रयोग संपल्यावर मी झाडातून सरपटत बाहेर आले, तेव्हा समोर काकू होत्या. माझे हात कोपरापर्यंत पिवळे आणि जागोजागी लाल होते.

"म्हणजे हा डिंक?" काकूंनी विचारलं.

"हो."

"आणि तो मुलगा?"

"नव्हताच, काकू."

त्यांनी माझ्या ओढणीकडे बघितलं. "आणि..."

"तेही नाही."

काकू गप्प झाल्या. बराच वेळ. माझ्या राज्यात त्यांच्या घरी तेवढ्या वेळात दिवाळी झाली असती.

"जिलेबी घरी केली होती मी," शेवटी त्या म्हणाल्या.

"फार छान होती."

"असणारच. पण आता खरं ठरलं की तुझं केळवण मी करणार नाही. झालंय ते. लक्षात ठेव." मग काकांना, "चला हो." काका जाता जाता म्हणाले, "झाड उत्तम."

बाहेर बसस्टॉपवर मी आईला फोन केला आणि सगळं सांगितलं, हळदीपासून. ती एवढी हसली की पलीकडून मावशीने फोन ओढून घेतला आणि तिला पुन्हा सगळं सांगावं लागलं. मग आई म्हणाली, "अवं, चुन्यानं हळद लाल होते हे तुले माईत नाही? कुंकू काय झाडाले लागते?" आणि थोडं थांबून, "तू बोलली म्हणते तेथी? लोकायसमोर?"

"अंधार होता."

"असू दे अंधार," आई म्हणाली. या वेळी तिने पुढचा भाग गाळला नाही. मावशीला ओरडून सांगितला.

प्रसंग राहिला. बाईंनी तेव्हाच सांगितलं होतं, आवराआवर करताना, माझ्याकडे न बघता. "कंदील घरी नेते मी. आणि चुना दर प्रयोगाला सकाळी ताजा मारायचा."

"पण बाई, तो लाल होतो."

"लालच हवा. आणि झाड बोलणार."

"झाड कोण..."

"तूच. तू लिहिलंस ना? मग तूच बोल. फक्त 'अत्यंत क्षुधित' नको."

मे महिन्यात दर रविवारी मी त्या झाडात बसले. दर वेळी नळी विझते, अंधार होतो आणि मुलगी विचारते, झाडा तुला काय झालं. संहितेत आता झाडाची अधिकृत चार वाक्यं आहेत. मागच्या प्रयोगाला ती अकरा झाली. झाडाने पार्किंगबद्दलही मत दिलं.

"झाड वाहवत चाललंय," बाई म्हणाल्या. "आवर त्याला."

बघते, असं मी म्हणाले.